हाताच्या मापाचा सोलो: विद्यार्थी वादकाने रचना कशी निवडावी आणि कशी बसवावी

सोलो बिघडायला सुरुवात होते ती रचना निवडतानाच. विद्यार्थी एखाद्या निष्णात वादकाचं ध्वनिमुद्रण ऐकतो, मधल्या झगमगत्या भागावर भाळतो आणि पुढचे तीन महिने त्याच सोळा बारांशी (बार म्हणजे मात्रांचा ठरावीक गट) झुंजत राहतो. बाकीची रचना कच्चीच राहते. त्यामुळे निवडीला घाई करू नका. वाजवणाऱ्याचा हात, ओठ आणि दमसास आज जिथे आहेत, त्याच्या मापाचा सोलो घ्या. सहा महिन्यांनी ते जिथे असावेत असं वाटतं, तिथलं माप आत्ता उपयोगाचं नाही.

निवडीआधीची वीस मिनिटं

रचना पहिल्या बारापासून वाजवून बघू नका. सुरुवात बहुधा सोपी असते आणि ती फसवते. पानं चाळून तीन जागा शोधा: सर्वांत जलद चार बार, सर्वांत उंच सूर असलेला भाग आणि श्वास किंवा बो (तंतुवाद्याचा गज) न तोडता वाजवायची सर्वांत लांब फ्रेज (सुरांचं एक वाक्य). चाचणी या तीनच जागांची घ्यायची.

जलद भागाचा हिशेब सोपा आहे. क्रॉचेट (एक मात्रा) मिनिटाला १२० या लयीत सेमीक्वेव्हर (पाव मात्रेचे सूर) म्हणजे सेकंदाला आठ सूर. त्याच स्केलमध्ये, त्याच टंगिंगने (जिभेच्या ठोक्यांनी) किंवा बोइंगने (गज चालवायच्या पद्धतीने) विद्यार्थी किती लयीत स्वच्छ वाजवतो ते मेट्रोनोम (लयीचे ठोके देणारं यंत्र) लावून पाहा. स्केल १०० ला स्वच्छ येत असेल आणि रचना १२० मागत असेल, तर मेहनतीने जमेल. स्केलच ८० ला अडखळत असेल तर ती रचना पुढच्या वर्षासाठी ठेवा. छापलेल्या लयीपेक्षा थोडं सावकाश वाजवणं चालतं, पण निम्म्या लयीत वाजवलेला आलेग्रो (जलद भाग) आलेग्रो राहत नाही.

उंच सुरांच्या बाबतीत नुसता सर्वांत उंच सूर पाहून भागत नाही. रचना त्या उंचीवर किती वेळ रेंगाळते ते पाहा. एकदाच लागणारा उंच सूर ट्रम्पेटवाल्याला जमून जातो, पण आपल्या पल्ल्याच्या वरच्या चार-पाच सुरांत सलग बारा बार काढले की ओठ थकतात आणि त्यानंतरचे साधे सूरही फाटतात. पितळी वाद्यांसाठी रचना निवडताना विश्रांतीचे बार मोजायची सवय लावा. व्हायोलिनवर पहिल्या पोझिशनमध्ये (तारेवर हात ठेवायच्या पहिल्या जागी) ई तारेवर चौथं बोट बीवर पडतं, तिसऱ्या पोझिशनमध्ये वरच्या डीवर. त्यापलीकडचा सूर दिसला की पाचवी पोझिशन पक्की आहे का, हा प्रश्न आधी विचारा. चेलोवर अंगठ्याची पोझिशन (अंगठाही तारेवर ठेवून वाजवणं) लागते का, ते पाहा.

लांब फ्रेजसाठी घड्याळ वापरा. चार-चार मात्रांचे चार बार ७२ च्या लयीत सव्वातेरा सेकंदांच्या आसपास जातात, ६० च्या लयीत पूर्ण १६ सेकंद. विद्यार्थी मधल्या सप्तकात, मध्यम आवाजात एक सूर किती वेळ स्थिर धरतो ते मोजा. फ्रेजला लागणारा वेळ त्याच्या तीन चतुर्थांशापेक्षा जास्त असेल, तर परीक्षेच्या खोलीत दम नक्की तुटेल, कारण घाबरलेला माणूस श्वास अर्धाच घेतो. बासरीला हवा जास्त लागते. ओबोची अडचण उलटी आहे: बारीक रीडमधून हवा कमी जाते, वापरलेली हवा छातीत साठून राहते, आणि वादक श्वास घेण्याआधी सोडायला विसरला की गुदमरतो. ओबोच्या फ्रेजमध्ये म्हणूनच श्वास सोडायची जागा आणि घ्यायची जागा अशा दोन्ही लिहाव्या लागतात.

याशिवाय प्रत्येक वाद्याच्या काही लपलेल्या अडचणी असतात. वेग पाहून त्या कळत नाहीत. क्लॅरिनेटवर मधला ए आणि त्याच्या वरचा बी यांच्यामध्ये रजिस्टर (सुरांचा पट्टा) बदलतं; ए वाजवताना जवळजवळ सगळी बोटं वर असतात, बीला एकदम सगळी खाली. ज्या रचनेत ही रेघ वारंवार ओलांडावी लागते, ती कागदावर सोपी दिसली तरी नवशिक्याला जड जाते. बासरीवर तिसऱ्या सप्तकातला ई स्लरमध्ये (न तोडता जोडलेल्या सुरांत) हमखास फुटतो. ट्रम्पेटवर खालचा डी आणि सी शार्प चढे लागतात, आणि त्या सुरांवर तिसऱ्या व्हॉल्व्हची स्लाइड (सरकती नळी) बाहेर ढकलायला वेळ मिळतो का, हे बघावं लागतं.

साथीशिवायची रचना सोपी असते, हा गैरसमज

पियानोवादक मिळत नाही म्हणून अनेकजण एकट्याने वाजवायच्या रचनांकडे वळतात. त्यात गैर काही नाही, खजिना मोठा आहे. टेलेमानच्या एकट्या बासरीसाठीच्या १२ फँटसिया आणि एकट्या व्हायोलिनसाठीच्या १२ फँटसिया लहान लहान भागांच्या आहेत आणि विद्यार्थ्याला त्यातला एखादा भाग बसवता येतो. बाखचा चेलोसाठीचा पहिला, जी मेजरमधला सुइट हाताला सोयीचा आहे, कारण त्यात मोकळ्या तारा भरपूर वापरता येतात.

मात्र साथ नसली की सुराला आधार नसतो आणि लयीला पहारेकरी नसतो. बाखच्या ए मायनर बासरी पार्टिटाचा पहिला भाग घ्या. सेमीक्वेव्हरची धार एकदा सुरू झाली की थांबतच नाही, श्वासासाठी विराम कुठेच लिहिलेला नाही. तिथे श्वास बाररेषेवर घेतला तर वाक्य मधूनच चिरल्यासारखं ऐकू येतं. जोरदार मात्रेवरचा पहिला सूर वाजवायचा, तो किंचित आखूड करायचा, त्याच्यानंतर श्वास घ्यायचा आणि पुढच्या तीन सुरांना पुढच्या मात्रेकडे नेणारी पायरी मानायचं. बोलताना आपण शब्द पुरा करून श्वास घेतो, तसंच हे.

देब्युसीच्या एकट्या बासरीसाठीच्या, १९१३ च्या ‘सिरिंक्स’चं दुखणं वेगळं. बोटांना ती फारशी अवघड नाही, आणि विद्यार्थ्याला वाटतं की ती मनाला येईल तशी वाजवायची. प्रत्यक्षात तिची लय अगदी बारकाईने लिहिलेली आहे. आधी मेट्रोनोमवर ती काटेकोर बसवा, ट्रिपलेट (दोनाच्या जागी तीन सूर) आणि टाय (जोडून लांबवलेला सूर) मोजून घ्या. मग जे सैल सोडाल ते समजून सोडलेलं असेल.

प्रत विकत घेताना किंवा उतरवताना

सोलोचा पार्ट (फक्त सोलो वाद्याची प्रत) आणि पियानोची प्रत एकाच आवृत्तीची हवी. दोन आवृत्त्यांत बारांचे आकडे, सरावाची अक्षरं, कधी कधी कॅडेन्झासुद्धा (साथ थांबल्यावर सोलो वादकाने एकट्याने वाजवायचा भाग) वेगळी असते, आणि मग तालमीत “बार ४८ पासून” म्हटलं की दोघं दोन ठिकाणांहून सुरू होतात.

त्याहून मोठी फजिती ट्रान्सपोज होणाऱ्या वाद्यांची होते. बी फ्लॅट क्लॅरिनेट आणि बी फ्लॅट ट्रम्पेट लिहिल्यापेक्षा एक पूर्ण स्वर खाली वाजतात, ई फ्लॅट आल्टो सॅक्सोफोन मेजर सिक्स्थने (नऊ अर्धे स्वर) खाली, एफ हॉर्न परफेक्ट फिफ्थने (सात अर्धे स्वर) खाली. मोत्झार्टचा १७९१ चा क्लॅरिनेट कॉन्चेर्तो ए मेजरमध्ये आहे आणि तो ए क्लॅरिनेटवर वाजवतात. विद्यार्थ्याकडे बहुधा बी फ्लॅट क्लॅरिनेट असतं. त्याच्यासाठी पियानोची साथ बी फ्लॅट मेजरमध्ये छापलेल्या आवृत्त्या मिळतात. क्लॅरिनेटचा पार्ट दोन्हीकडे सी मेजरमध्येच दिसतो, त्यामुळे चूक आधी लक्षात येत नाही. पियानोवादक मूळ ए मेजरची प्रत घेऊन आला की पहिल्याच बारात दोघं अर्ध्या स्वराने वेगळे. हायडनच्या १७९६ च्या ट्रम्पेट कॉन्चेर्तोचंही तसंच: संगीत ई फ्लॅट मेजरमध्ये, आणि अनेक आवृत्त्यांत ई फ्लॅट ट्रम्पेटचा आणि बी फ्लॅट ट्रम्पेटचा असे दोन पार्ट. बी फ्लॅट ट्रम्पेटसाठीचा पार्ट एफ मेजरमध्ये लिहिलेला असतो. सी मेजरचा दिसला तर तो दुसऱ्या वाद्याचा आहे.

जुन्या रचनांतले स्लर, बोटांचे आकडे आणि जोर-हळू यांच्या खुणा पुष्कळदा संपादकाने घातलेल्या असतात. बाखच्या चेलो सुइट्सचं तर बाखच्या हातचं हस्तलिखितच उरलेलं नाही. त्याच्या पत्नीने, आना माग्दालेनाने, केलेली नक्कल आहे आणि तिच्यातले स्लर नेमके कोणत्या सुरापासून कोणत्या सुरापर्यंत आहेत, यावर अजून वाद चालतात. म्हणून दोन आवृत्त्यांत बोइंग वेगळं दिसलं तर गोंधळू नका. एक ठरवा आणि पेन्सिलने पक्कं करा. रोज नवं बोइंग वाजवणाऱ्या हाताला काहीच पाठ होत नाही.

पहिल्या सरावाआधी सगळ्या बारांना आकडे घाला. सुरुवातीचा अर्धवट बार मोजायचा नाही, पहिला पूर्ण बार तो १. परीक्षा किंवा स्पर्धा असेल तर नियम आधी वाचा. अनेक ठिकाणी परीक्षकासाठी छापील मूळ प्रत लागते, झेरॉक्स चालत नाही.

बसवणं

दहा आठवडे हाताशी असावेत, असा आमचा आग्रह आहे. पहिले दोन आठवडे फक्त वाचन, बोटं, बोइंग, श्वासाच्या खुणा आणि अवघड जागांची यादी. तिसऱ्यापासून पाचव्यापर्यंत त्या जागा सुट्या करून घोटायच्या. सहाव्या आठवड्यात पूर्ण रचना सलग, हळू लयीत. सातव्यात पियानो. शेवटचे तीन आठवडे लोकांसमोर वाजवायची सवय लावण्यासाठी. बहुतेक विद्यार्थी हे उलटं करतात: पहिल्या दिवसापासून सुरुवातीपासून शेवटपर्यंत वाजवतात. त्यांचं पहिलं पान सुरेख होतं आणि शेवटचं पान वाचनाच्या पायरीवरच राहतं. शेवटच्या पानापासून सराव सुरू केला तर हा तोल आपोआप सावरतो.

अवघड जागेसाठी मेट्रोनोम असा वापरा. जिथे एकही चूक होत नाही ती लय शोधा, मग ती कितीही हळू असो. तिथे सलग तीन वेळा स्वच्छ आलं की चार अंकांनी वाढवा. चुकलं तर आठ अंक मागे या. एका बैठकीत एका जागेला दहा मिनिटं पुरेत; त्यानंतर हात ऐकत नाही, कान ऐकत नाही, आणि चूकच पाठ होऊ लागते. एकसारखे जलद सूर ओबडधोबड येत असतील तर ते लांब-आखूड, मग आखूड-लांब अशा लयीत वाजवा. आखूड सुराच्या आधी बोट वेळेत तयार ठेवावं लागतं आणि नेमकी कोणती जोडी अडते ते उघडं पडतं. तीस सुरांत अडणारी जोडी बहुधा एकच असते.

हळू सरावात एक फसवणूक दडलेली आहे आणि तंतुवाद्य वाजवणाऱ्यांना ती नेहमी भोवते. हळू वाजवताना विद्यार्थी प्रत्येक सुराला भरपूर बो देतो. लय वाढली की तेवढा बो ओढायला वेळच नसतो, उजवा हात ताठरतो आणि दोन हातांचा मेळ सुटतो. म्हणून जलद भाग हळू घोटतानाही बो तेवढाच द्या जेवढा जलद लयीत मिळणार आहे: बोच्या मध्याजवळ, चार-पाच सेंटिमीटर. आवाज कोरडा येईल, येऊ द्या. फुंकवाद्यांत हीच गोष्ट श्वासाची. निम्म्या लयीत दुप्पट हवा लागते, म्हणून विद्यार्थी नको तिथे श्वास घेतो आणि पुढे लय वाढली तरी तोच श्वास चिकटून राहतो. हळू सरावात दम कमी पडला तर ठरलेल्या खुणेवरच पूर्ण थांबा, श्वास घ्या, पुढे चला. खुणा दोन प्रकारच्या ठेवा: घ्यायचाच असा श्वास साध्या टिकेने, आणि दिवस वाईट असेल तर घ्यायचा असा श्वास कंसातल्या टिकेने. ही दुसरी खूण लिहिलेली असली की मनावरचा ताण निम्मा होतो.

क्लॅरिनेटवाल्यांनी करंगळ्यांचं नियोजन पेन्सिलने लिहावंच. वरचा ई फ्लॅट नेहमीच्या क्लॅरिनेटवर फक्त उजव्या करंगळीने येतो, म्हणून त्याच्या आधीचा सी डाव्या करंगळीने घ्यावा लागतो. हे न लिहिता वाजवणारा विद्यार्थी करंगळी घसरवून वेळ मारून नेतो आणि परीक्षेत नेमका तिथेच सूर चुकवतो.

पाठांतर करायचं असेल तर सारख्या दिसणाऱ्या जागांचा धाक बाळगा. सोनाटा किंवा कॉन्चेर्तोत तीच धून शेवटी परत येते, पण एका विशिष्ट बारात ती वेगळ्या स्केलकडे वळते. हात सवयीने पहिल्या वळणावर जातो आणि विद्यार्थी दोन पानं मागे जाऊन पोहोचतो. हे दोन्ही बार एका कागदावर शेजारी शेजारी लिहा, फरक पडणाऱ्या पहिल्या सुराभोवती गोल करा आणि दोन्ही वळणं आलटून पालटून वाजवा. शिवाय रचनेत पाच-सहा ठिकाणं अशी ठेवा जिथून डोळे मिटून सुरुवात करता येईल.

पियानोसोबत

पियानोवादकाला प्रत निदान चार आठवडे आधी द्या. ऑर्केस्ट्रावरून पियानोसाठी उतरवलेली साथ अनेकदा सोलोपेक्षा अवघड असते, कारण ती मुळात पियानोसाठी लिहिलेलीच नसते. प्रत द्यायच्या आधी विद्यार्थ्याने ती स्वतः वाचावी. विराम असलेल्या प्रत्येक जागी पियानो काय वाजवतो, ते दोन-तीन सुरांत आपल्या पार्टवर लिहून घ्यावं. केवळ “सात, आठ, नऊ” असे बार मोजणारा विद्यार्थी घाबरल्यावर मोजणी विसरतो. पियानोची ओळखीची ओळ कानावर पडली की तो चुकत नाही.

कॉन्चेर्तोतले ऑर्केस्ट्राचे लांब भाग परीक्षेत कापतात. कापा, पण शेवटचे चार ते आठ बार ठेवा; त्यातून विद्यार्थ्याला लय आणि सूर दोन्ही मिळतात. पितळी वाद्यांच्या बाबतीत जपून. ते भाग ओठांच्या विश्रांतीची जागाही असतात. चाळीस बारांचे चार केले की ट्रम्पेटवाल्याची विश्रांती दीड मिनिटाची दहा सेकंदांवर येते, आणि घरी आरामात वाजणारा शेवट तिथे कोसळतो. म्हणून घरच्या सरावातही कापलेल्या विरामांसकटच वाजवा.

लय कशी द्यायची हे शिकवावं लागतं. पहिली फ्रेज मनात म्हणून लय घेतली तर ती नेहमी जास्त येते. सर्वांत अवघड दोन बार मनात म्हणा, तीच लय धरा आणि त्याच लयीत श्वास घेऊन सुरू करा. तो श्वास हाच पियानोवादकासाठी इशारा. तंतुवाद्य वाजवणाऱ्यानेही श्वास घ्यावा, नुसती मान हलवून लय कळत नाही. कॅडेन्झाच्या शेवटच्या ट्रिलनंतर (दोन शेजारच्या सुरांची झपाट्याने आलटापालट) दोघांनी एकत्र कसं यायचं, हे वेगळं दहा वेळा वाजवून पाहा. ट्रिल किती वेळ चालेल ते मोजून ठरवा.

सूर लावताना पियानो बदलत नाही, बदलायचं वादकाला. पियानो बहुधा ए ४४० हर्ट्झला लावलेला असतो. फुंकवाद्यातली हवा गरम होईल तसा सूर चढतो, कारण आवाजाचा वेग ० अंश सेल्सियसला सेकंदाला सुमारे ३३१ मीटर आणि २० अंशांना ३४३ मीटर असतो. अंशागणिक साधारण तीन सेंटचा (सेंट म्हणजे अर्ध्या स्वराचा शंभरावा भाग) फरक पडतो. थंड वाद्य लावून उपयोग नाही. पाच-सात मिनिटं वाजवून मग लावा आणि लांब विरामांत त्यात गरम हवा हळूच फुंकत राहा. हळू आवाजात बासरी उतरते आणि क्लॅरिनेट चढतं, जोरात उलट. शांत शेवट असलेल्या रचनेत अखेरचा सूर पियानोशी जुळवून पाहिल्याशिवाय तालीम संपवू नका.

शेवटचा आठवडा आणि तो दिवस

आठवडाभरात तीन वेळा पूर्ण रचना ‘थंड’ वाजवा: दिवसातलं पहिलं वादन, स्केल नाही, दुसरी संधी नाही, समोर कोणीतरी बसलेलं. चुका लगेच दुरुस्त करू नका, वादन संपल्यावर लिहून काढा. तिन्ही वेळा जी चूक दिसते तीच खरी. एकदाच झालेलीकडे दुर्लक्ष करा. रीडवाल्यांनी तीन रीड वाजवून तयार ठेवाव्यात आणि त्या दिवशी नवी काढू नये. व्हायोलिन-चेलोच्या तारा शेवटच्या आठवड्यात बदलू नका, नव्या तारा काही दिवस उतरत राहतात. पितळी वाद्यांवर त्या सकाळी पंधरा मिनिटांचा हलका सराव पुरे. उंच सूर लागतात का, हे वारंवार तपासणारा ते खोलीबाहेरच खर्च करून येतो.

राहिली वाट चुकण्याची तयारी, जी जवळजवळ कोणी करत नाही. शेवटच्या दोन तालमींत पियानोवादकाला सांगा की विद्यार्थी चुकला तरी थांबायचं नाही, मागेही यायचं नाही. विद्यार्थ्याने वाद्य तसंच तोंडाशी किंवा खांद्यावर ठेवून, साथ ऐकत, पुढच्या फ्रेजच्या पहिल्या बाराला आत यायचं. आधी हे ठरवून करा: अधूनमधून शिक्षकाने टाळी वाजवायची, विद्यार्थ्याने दोन बार गप्प राहायचं आणि मग परत धरायचं. पहिल्या दिवशी तो पियानोवादकाकडे वळून थांबेल. चौथ्या-पाचव्या टाळीला साथीतून आपली जागा ऐकू यायला लागते.